ऐकणारा एकटाच असतो

१९४२ सालचा एक फोटो आहे. बीबीसीच्या लंडनमधल्या स्टुडिओत काही माणसं बसली आहेत, काही त्यांच्या मागे उभी आहेत. बसलेल्यांत टी. एस. इलियट आहेत. त्यांच्या कवितेने आणि समीक्षेने त्या काळातलं इंग्रजी साहित्य ढवळून काढलं होतं. त्यांच्या शेजारी जमैकाच्या कवयित्री उना मार्सन, त्यांच्या पलीकडे मुल्कराज आनंद. मागच्या रांगेत उंच, हडकुळे जॉर्ज ऑर्वेल आणि ‘सेव्हन टाइप्स ऑफ ॲम्बिग्विटी’ लिहिणारे समीक्षक विल्यम एम्पसन उभे आहेत. पुढच्या रांगेत अगदी डावीकडे साडी नेसलेली एक तरुणी बसली आहे. ती वेणू चितळे, कोल्हापूरजवळच्या शिरोळची.

मी धावड्याला शाळेत मराठी शिकवत होते. नोकरीच्या शेवटच्या वर्षांत या फोटोची प्रिंट माझ्या पुस्तकात कायम असायची. कविता शिकवायला घेतली की ती वर्गात फिरवायची. पोरं विचारायची, “मॅडम, आपल्याकडची बाई तिथं काय करती?” पस्तीस मिनिटांच्या तासात त्याचं पुरतं उत्तर देणं व्हायचं नाही. ते आता सवडीने देते. कारण लंडनच्या त्या खोलीत जे चाललं होतं, त्याचा एक धागा फिरत फिरत भोकरदन तालुक्यातल्या आमच्या ओसरीपर्यंत आला आहे, असं मला मनापासून वाटतं.

वेणू चितळे यांचा जन्म १९१२ चा. १९३४ मध्ये त्या शिकायला इंग्लंडला गेल्या आणि युद्ध सुरू झालं तेव्हा तिथेच होत्या. १९४० मध्ये त्या बीबीसीत लागल्या. इंग्रजी बातम्या वाचणं, भारतासाठीच्या कार्यक्रमांत भाग घेणं, मराठीतून बोलणं ही सगळी कामं त्यांनी केली. मांसाचं रेशनिंग चालू असताना इंग्लंडच्या गृहिणींना भारतीय शाकाहारी पदार्थ कसे रांधायचे हेही त्यांनी रेडिओवरून सांगितलं. १९४२ मध्ये बीबीसीचं मराठी प्रसारण सुरू झालं आणि १९५८ अखेरपर्यंत ते चाललं. लंडनहून मराठी ऐकू येत होतं, आणि त्या मराठीच्या सुरुवातीच्या आवाजांत शिरोळच्या या बाईचा आवाज होता. भारतात परतल्यावर त्यांनी ‘इन ट्रान्झिट’ ही कादंबरी लिहिली. ती १९५० मध्ये आली. पुण्यातल्या एका ब्राह्मण एकत्र कुटुंबाच्या तीन पिढ्या तिच्यात आहेत. १९९५ मध्ये त्या वारल्या. मराठी शाळांच्या पुस्तकांत त्यांच्यावर धडा असायला हवा, असं मी वर्षानुवर्षं म्हणत आले आहे.

त्यांच्या मागे उभे असलेले ऑर्वेल ऑगस्ट १९४१ मध्ये बीबीसीच्या पूर्वेकडच्या सेवेत आले. जन्माने ते आपल्याच देशातले, बिहारमधल्या मोतिहारीचे. हिंदुस्थानातल्या श्रोत्यांसाठी भाषणं ठरवायची, लेखक गाठायचे, संहिता तपासायची, हे त्यांचं काम. युद्धाचा काळ होता. प्रत्येक संहिता आधी सेन्सॉरकडून पास होऊन यायची. प्रसारण चालू असताना एक माणूस बटणावर हात ठेवून बसलेला असे. बोलणारा कागद सोडून भलतं बोलू लागला, तर आवाज तिथल्या तिथे बंद. एवढ्या धाकातही या माणसाने हिंदुस्थानसाठी साहित्याचं एक मासिक हवेत चालवलं. त्याचं नाव ‘व्हॉइस’. १९४२ च्या ऑगस्टपासून वर्षअखेरपर्यंत त्याचे सहा अंक निघाले. कवींनी स्टुडिओत बसून कविता वाचायची आणि मग तिच्यावर तिथेच आपसांत बोलायचं, अशी त्याची रीत. फोटो त्याच कार्यक्रमाचा.

पुढे ऑर्वेलनी या अनुभवावर एक निबंध लिहिला, ‘पोएट्री अँड द मायक्रोफोन’. त्यातला मुद्दा मला फार मोलाचा वाटतो. ते सांगतात की रेडिओचे श्रोते लाखो असतील किंवा हजारो असतील, पण ऐकणारा प्रत्येक जण एकटा असतो, नाहीतर घरातल्या दोनचार माणसांत बसलेला असतो. सभेत कवी कविता वाचतो तेव्हा त्याला समोरची गर्दी दिसते. कोण कंटाळलं, कोण उठून चाललं हे दिसतं, आणि तो नकळत त्या गर्दीला रिझवायला लागतो. माईकपुढे तसं होत नाही. तिथे आपण एका माणसाशी बोलतो आहोत असं समजून बोलता येतं. तो माणूस आपल्या बरोबरीचा आहे आणि ऐकायची इच्छा घेऊन बसला आहे, असं धरून चालता येतं.

ऑर्वेल स्वतः मात्र या नोकरीत निराश झाले. हिंदुस्थानात शॉर्टवेव्हचे रेडिओ होते कितीजणांकडे? बीबीसीने इथे पाहणीला माणूस पाठवला, त्याच्या अहवालातून दिसलं की हे कार्यक्रम ऐकणारे फारच थोडे आहेत. आपले कष्ट वाया चालले आहेत असं वाटून नोव्हेंबर १९४३ मध्ये ते बाहेर पडले. एका माणसाशी बोलायची ही रीत पुढे टिकली, वाढली, आणि त्यात मराठी माणसांचा मोठा वाटा होता. तो बघायला ते आपल्याकडे आले नाहीत. १९५० मध्ये ते गेलेच.

ऑर्वेलना ज्यांनी कामावर घेतलं ते त्यांचे वरिष्ठ झेड. ए. बुखारी. ते मूळचे ऑल इंडिया रेडिओचे, आणि मुंबई केंद्राचे संचालक म्हणूनही त्यांनी काम केलं होतं. त्याच ऑल इंडिया रेडिओत १९३८ मध्ये एक मराठी कवी नोकरीला लागला होता. बाळ सीताराम मर्ढेकर.

मर्ढेकर फैजपूरचे. आमच्याकडून अजिंठ्याचा घाट उतरला की खानदेश लागतो. १९३६ मध्ये काँग्रेसचं खेड्यातलं पहिलं अधिवेशन भरलं ते हेच फैजपूर. १ डिसेंबर १९०९ ला त्यांचा तिथे जन्म झाला. फर्ग्युसनमधून ते बी. ए. झाले आणि आय. सी. एस. साठी लंडनला गेले. त्या परीक्षेत यश आलं नाही, पण इंग्लंडमध्ये त्यांनी चित्रं पाहिली, इलियट वाचला, कला म्हणजे काय यावर विचार केला. ‘आर्ट्स अँड मॅन’ हे त्यांचं इंग्रजी पुस्तक १९३७ मध्ये आलं. परतल्यावर काही काळ वृत्तपत्रात काम, काही काळ कॉलेजांत इंग्रजी शिकवणं, आणि मग रेडिओ. तिथून ते मरेपर्यंत बाहेर पडले नाहीत. मराठी कवितेला आणि मराठी समीक्षेला विसाव्या शतकात ज्याने सर्वांत मोठा धक्का दिला, तो माणूस अखेरपर्यंत प्रसारण खात्याचा नोकर होता. ही गोष्ट आपण कवितेच्या तासाला सांगतच नाही.

त्यांच्या कामाचा पसारा बघा. ‘शिशिरागम’ १९३९, ‘काही कविता’ १९४७, ‘आणखी काही कविता’ १९५१. ‘रात्रीचा दिवस’, ‘तांबडी माती’, ‘पाणी’ या कादंबऱ्या. ‘कर्ण’, ‘संगम’, ‘औक्षण’, ‘बदकांचे गुपित’ या संगीतिका. रेडिओतल्या माणसाला गाणं आणि शब्द यांचं नातं रोज हाताळावं लागतं, त्याची खूण या संगीतिकांत दिसते. ‘काही कविता’वर अश्लीलतेचा खटला झाला, आणि अखेर त्यातून ते निर्दोष सुटले. सरकारी खात्यात नोकरी आणि सरकारनेच कवितेवर भरलेला खटला, हे त्यांनी एकाच वेळी सोसलं.

समीक्षेत ‘वाङ्मयीन महात्मता’ १९४१ चं आणि ‘सौंदर्य आणि साहित्य’ १९५५ चं. या दुसऱ्या पुस्तकाला १९५६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी २० मार्चला दिल्लीत त्यांचं निधन झालं. सेहेचाळिसाव्या वर्षी. त्यांचा विचार थोडक्यात असा: कलाकृती चांगली की वाईट हे तिच्यातल्या उपदेशावरून ठरवू नका, तिची रचना बघा. ती रचना लयीने बांधलेली असते, आणि लयीची तीन सूत्रं आहेत: संवाद, विरोध आणि समतोल. साहित्यात ज्या मालातून ही रचना होते तो माल म्हणजे शब्दांचा भावनात्मक अर्थ. चांगला कवी दोन अगदी वेगळ्या गोष्टींमधली भावनेची बरोबरी शोधून काढतो, आणि ती बरोबरी जितकी नवी तितकं कवितेचं बळ मोठं. पुढे प्रभाकर पाध्यांनी आणि रा. भा. पाटणकरांनी या विचाराची कसून चिकित्सा केली. पाटणकरांची ‘सौंदर्यमीमांसा’ १९७४ ची. त्यांना मर्ढेकरांचं बरंच पटलं नाही, पण दखल घेतल्याशिवाय कुणालाच पुढे जाता आलं नाही.

कॉलेजात मी हे सगळं परीक्षेपुरतं पाठ केलं होतं. ते कळलं धावड्यात, आणि रेडिओवर.

१९८० च्या सुमाराला लग्न होऊन मी या गावात आले. धावडा अजिंठा-बुलढाणा रस्त्यावर आहे. तेव्हा जालना जिल्हाही झालेला नव्हता. तो १ मे १९८१ ला झाला. त्याआधी आम्ही औरंगाबाद जिल्ह्यात. घरात टीव्ही नव्हता, गावातही कुणाकडे नव्हता. ओसरीच्या कोनाड्यात सासऱ्यांचा रेडिओ होता आणि त्याच्याशेजारी रेडिओचं लायसन्स-पुस्तक. छोटं, जाड पुठ्ठ्याचं. त्याच्या पानांवर पोस्टातून दरसाल चिकटवलेली तिकिटं आणि त्यांच्यावर मारलेले गोल शिक्के. एखादा शिक्का तेल लागून पुसट झालेला. मामा, म्हणजे माझे सासरे, ते पुस्तक सातबाऱ्याच्या कागदांसारखं जपायचे. पुढे ऐंशीच्या दशकात लायसन्स रद्द झालं, तरी त्यांनी पुस्तक टाकलं नाही. ते आजही आमच्या कपाटात आहे.

मामांचं शिक्षण निजामाच्या काळातलं. वरच्या वर्गांत शाळा उर्दूतून. त्यामुळे हैदराबादचा डेक्कन रेडिओ त्यांच्या लहानपणच्या आठवणीत होता, आणि रात्री आकाशवाणीची उर्दू सर्व्हिस त्यांना लागायचीच. पण संध्याकाळी जळगाव केंद्र. ते आमच्याकडे स्वच्छ लागायचं. शेतीचा कार्यक्रम, बाजारभाव, भक्तिगीतं, मधूनच एखादं भाषण.

अशाच एका संध्याकाळी मर्ढेकरांच्या कवितेवर भाषण लागलं. बोलणारे कुणी प्राध्यापक होते. त्यांनी पिंपात मेलेल्या उंदरांची ती कविता सावकाश वाचली. एकदा वाचली, थोडं बोलले, पुन्हा वाचली. हे उंदीर कोण, त्यांचं जगणं आणि मरणं कुणी ठरवलं, शहरातल्या माणसाशी त्यांचं काय नातं, एवढंच ते विचारत गेले. मी चुलीपुढून उठून माजघराच्या दारात येऊन उभी राहिले. कॉलेजच्या वहीत मी ‘भावनांची बरोबरी’ असं लिहून घेतलं होतं. ती बरोबरी तिथे कानांनी कळली.

भाषण संपल्यावर मामांनी आवाज बारीक केला आणि विचारलं, “फैजपूरचा होता म्हणे हा?” मी हो म्हटलं. मग ते बराच वेळ बोलत बसले. धान्याच्या पेवात उंदीर मेला की वरून कसं कळतं, पेव उघडल्यावर आत लगेच का उतरत नाहीत, लेव्हीच्या, म्हणजे सक्तीच्या धान्यवसुलीच्या, वर्षी सरकारच्या भीतीने धान्य कसं लपवलं आणि त्यातलं किती किडून गेलं. शेवटी म्हणाले, “लपवलेल्या धान्यात उंदीर मरतो, तसं आमचंच मरण होतं ते.” ज्या माणसाने आधुनिक मराठी कवितेचं पुस्तक कधी हातात धरलं नव्हतं, त्याने त्या संध्याकाळी कवितेला स्वतःच्या आयुष्यातला जोडीदार शोधून दिला होता. मर्ढेकर समीक्षेत जे मांडत होते ते हेच. त्या प्राध्यापकांना हे कधीच कळलं नसणार. ते बोलले होते एका न दिसणाऱ्या माणसाशी, आणि तो माणूस धावड्यात निघाला.

मराठवाड्यात समीक्षा आधीपासून बोलूनच जास्त पोचली आहे. नरहर कुरुंदकर आठवा. १९३२ चा जन्म, नांदेडला शिक्षक, पुढे पीपल्स कॉलेजचे प्राचार्य. ‘रूपवेध’, ‘धार आणि काठ’ ही त्यांची समीक्षेची पुस्तकं महत्त्वाची आहेतच, पण आमच्या भागातल्या बहुतेकांना कुरुंदकर भेटले ते व्याख्यानात. गावोगावी जाऊन कादंबरी, रससिद्धांत, इतिहास, राजकारण यांवर ते त्याच ताकदीने बोलत. समोरच्या शेतकऱ्याला कळणार नाही म्हणून त्यांनी विषय पातळ केला नाही. १० फेब्रुवारी १९८२ ला औरंगाबादमध्ये, एका कार्यक्रमातच, त्यांचं हृदयविकाराने निधन झालं. पन्नाशीही गाठली नव्हती. ती बातमी आली तेव्हा आमच्या शाळेच्या शिक्षकांच्या खोलीत कितीतरी वेळ कुणी बोललं नाही.

आता टीव्हीकडे येते. वेणूताई बीबीसीत होत्या तेव्हा तिथला टीव्ही बंद होता. १९३६ मध्ये सुरू झालेलं बीबीसीचं टीव्ही प्रसारण युद्ध लागताच थांबवलं गेलं आणि १९४६ मध्ये पुन्हा चालू झालं. मराठी माणसाने त्या टीव्हीत शिकायला जाण्याचा योग आला तो आणखी बारा वर्षांनी. पु. ल. देशपांडे १९५५ मध्ये आकाशवाणीत आले आणि १९५८ च्या सुमाराला टीव्हीचं तंत्र शिकण्यासाठी बीबीसीत गेले. हेच ते वर्ष, ज्या वर्षी बीबीसीवर ‘मॉनिटर’ हा कलासाहित्याचा कार्यक्रम सुरू झाला. लेखकाच्या घरी कॅमेरा घेऊन जायचं, चित्रकाराला काम करताना दाखवायचं, हे त्या कार्यक्रमाने ब्रिटनमध्ये रुजवलं. आणि हेच वर्ष, ज्याच्या अखेरीला बीबीसीचं मराठी प्रसारण बंद झालं. लंडनमधलं मराठी बोलणं थांबत होतं, त्याच वेळी एक मराठी लेखक तिथून टीव्ही शिकून घेत होता. ‘अपूर्वाई’ या प्रवासातून आली, १९६० मध्ये. ती आपण हसत हसत वाचतो, पण एका खात्याने आपल्या माणसाला नवं माध्यम शिकायला पाठवलं होतं, ही त्यामागची गोष्ट विसरू नये.

१५ सप्टेंबर १९५९ ला दिल्लीत टीव्ही सुरू झाला. उद्घाटन राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांनी केलं. युनेस्कोची मदत होती. आठवड्यातून दोन दिवस थोडा वेळ प्रसारण, आणि संच होते ते ठिकठिकाणच्या टेली-क्लबांत. लोकांनी एकत्र बसून बघायचं आणि नंतर त्यावर बोलायचं, अशी ती योजना. पंडित नेहरूंची भारतीय दूरदर्शनवरची पहिली मुलाखत पु.लं.नी घेतली, असं त्यांच्या चरित्रांत सांगितलं जातं. थोड्याच काळात ते नोकरी सोडून रंगभूमीकडे वळले.

पु.लं.ना कुणी समीक्षक म्हणत नाही. मी म्हणते. त्यांनी आणि सुनीताबाईंनी बा. भ. बोरकरांच्या आणि मर्ढेकरांच्या कवितांचे जे वाचनाचे कार्यक्रम केले, ते समीक्षेचंच काम होतं. कुठे थांबायचं, कोणता शब्द हलका सोडायचा, कोणत्या ओळीनंतर श्वास घ्यायचा, या प्रत्येक निर्णयात कवितेचा एक अर्थ निवडलेला असतो. मर्ढेकर दुर्बोध आहेत असं म्हणणाऱ्या पिढीला त्यांनी मर्ढेकर नुसते नीट वाचून दाखवले आणि निम्मी दुर्बोधता तिथेच गळून पडली. मी वर्गात शिकवायला लागल्यावर हेच केलं. आधी तीन वेळा वाचन, मग प्रश्नोत्तरं.

फोटोकडे पुन्हा एकदा बघा. पुढच्या रांगेत नारायण मेनन बसले आहेत. केरळचे, एडिनबरोत यीट्सच्या कवितेवर अभ्यास केलेले, वीणावादक. ते पुढे भारतात आकाशवाणीचे महासंचालक झाले आणि नंतर मुंबईच्या नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्सची धुरा त्यांनी सांभाळली. त्याच संस्थेत पु.लं.नी मराठी रंगभूमी आणि लोककलांवर काम केलं. म्हणजे इलियट-ऑर्वेलच्या टेबलाशी बसलेला एक माणूस आणि बीबीसीत टीव्ही शिकून आलेले आपले पु. ल. अखेर नरिमन पॉइंटच्या एका इमारतीत एकत्र आले.

२ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. वर्षभराने सिंहगडावरच्या मनोऱ्यातून ते पुण्यात दिसू लागलं. मी पुण्यात बी. एड. करत होते तेव्हा मावशीकडे राहायचे, आणि तिच्या शेजारच्या घरी टीव्ही होता. संध्याकाळी आम्ही पोरी तिथे जाऊन बसायचो. ‘आमची माती आमची माणसं’ लागलं की मला गावाकडचं आठवायचं. ‘प्रतिभा आणि प्रतिमा’ लागलं की मी सरसावून बसायचे. लेखक, चित्रकार, गायक समोर बसून निवांत बोलत. मुलाखत घेणाऱ्याने त्यांचं लेखन वाचलेलं असे आणि ते त्याच्या प्रश्नांवरून कळत असे. पुस्तकाच्या मुखपृष्ठावर फक्त नाव असलेला माणूस बोलताना थांबतो कसा, विचार करतो तेव्हा कुठे बघतो, हे आम्ही पहिल्यांदा पाहिलं.

आणि बातम्यांत अनंत भावे. मराठीचे प्राध्यापक, साहित्याचे समीक्षक, मुलांसाठी कविता लिहिणारे. त्यांच्या पत्नी पुष्पा भावे याही नाट्यसमीक्षक आणि चळवळीतल्या कार्यकर्त्या. दूरदर्शनवर बातमी वाचताना भाव्यांचा प्रत्येक शब्द जागच्या जागी असायचा. वाक्याचा अर्थ जिथे पूर्ण होतो तिथेच ते थांबत. बातमी वाचणारा माणूस साहित्याचा जाणकार असला की बातमीची मराठीही चांगली होते, हे मी त्यांच्याकडून शिकले. २०१३ मध्ये त्यांना साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार मिळाला तेव्हा मी वर्गात पेढे वाटले. पोरांना कारण कळेना, मग त्यांच्या कविता वाचून दाखवल्या.

धावड्यात टीव्ही आला तो पुष्कळ नंतर, आणि आला तो दिल्लीचा. हिंदी मालिका, हिंदी बातम्या. मराठी नीट दिसायला आणखी वाट पाहावी लागली. त्यामुळे आमच्या गावाने साहित्य पाहिलं कमी आणि ऐकलं जास्त.

ब्रिटनमध्ये रेमंड विल्यम्स नावाचे मोठे साहित्यसमीक्षक होऊन गेले. १९६८ ते १९७२ या काळात ते बीबीसीच्या ‘द लिसनर’ या नियतकालिकात टीव्हीवर नियमित लिहीत. १९७४ मध्ये टीव्हीवर त्यांचं पुस्तक आलं. त्यात त्यांनी दाखवून दिलं की प्रेक्षक एकेक कार्यक्रम सुटा बघत नाही, तो प्रवाह बघतो. कार्यक्रम, जाहिरात, पुढच्या कार्यक्रमाची झलक, बातमी, पुन्हा जाहिरात, हे सगळं एकातून एक वाहत येतं आणि माणूस त्यात वाहत राहतो. साहित्य वाचण्याची शिस्त असलेला माणूस टीव्हीकडे वळला म्हणूनच हे त्याला दिसलं. आपल्याकडे वृत्तपत्रांत टीव्हीवर पुष्कळ लिहिलं गेलं, पण कादंबरीला लावतो तो कस टीव्हीला लावणारे फार थोडे झाले.

आज त्या प्रवाहाला काठच राहिलेला नाही. चर्चेच्या नावाखाली चौकोनांत बसलेली माणसं एकमेकांवर ओरडतात. ती बघणाऱ्याशी बोलत नाहीत. साहित्य संमेलन आलं की दोन दिवस पुस्तकांची आठवण, तीही अध्यक्षांच्या वादापुरती. मला याचा राग येतो, कारण गावातल्या माणसाला साहित्यातलं काय कळणार, हे त्यामागचं गृहीतक खोटं आहे. मिरचीचा हंगाम संपला की आमच्याकडे लोकांना सवड असते. हातात मोबाइल असतो. कानाला बरं काही लागलं तर ते ऐकतात. मी पु.लं. आणि सुनीताबाईंचं बोरकरांचं वाचन मोबाइलवरून वर्गात ऐकवलं आहे. शेवटच्या बाकावरची पोरं, जी एरवी घंटेकडे कान लावून असतात, ती तास संपल्यावर ते आपल्या मोबाइलवर मागून घेत होती.

म्हणून माझं मागणं स्पष्ट आहे. आकाशवाणीच्या मुंबई, पुणे, नागपूर, जळगाव, परभणी, औरंगाबाद या केंद्रांवर गेल्या कित्येक दशकांत साहित्यावर जी भाषणं झाली, त्यांतली जी ध्वनिमुद्रणं शिल्लक असतील ती लोकांसाठी खुली करा. ‘प्रतिभा आणि प्रतिमा’चे जे भाग जपले गेले आहेत ते सगळे नाव, साल आणि वक्त्यांच्या माहितीसह मांडा, म्हणजे खेड्यातल्या शिक्षकाला हवं ते सापडेल. बीबीसीने २०१७ मध्ये मराठी सेवा पुन्हा सुरू केली आहे. तिथल्या मंडळींनी वेणू चितळे यांच्यावर एक चांगला कार्यक्रम करावा, कारण त्या त्यांच्याच पूर्वज आहेत. आणि जिल्हा परिषदेच्या प्रत्येक शाळेत आठवड्यातला एक तास नुसत्या ऐकण्याचा ठेवा. चांगली कविता, चांगल्या आवाजात, आणि तिच्यावर दहा मिनिटं बोलणारा एक जाणता माणूस. याला इमारत लागत नाही, अनुदान लागत नाही.

जे बोलणार आहेत त्यांनाही एक सांगायचं आहे. माईक समोर आला की सभागृह डोळ्यांपुढे आणू नका. असा एक माणूस समोर धरा ज्याने पुस्तक वाचलेलं नाही, पण जो तुमच्याइतकाच शहाणा आहे, ज्याने दुष्काळ पाहिला आहे, लेव्ही भोगली आहे, पोरं शिकवली आहेत. त्याला समजेल असं बोला आणि विषय पातळ करू नका. मर्ढेकरांनी रेडिओत राहून, कुरुंदकरांनी गावोगाव फिरून आणि पु.लं.नी कविता वाचून हे करून दाखवलं आहे. तुम्हालाही ते जमेल, आणि ऐकायला आमच्याकडे माणसं आहेत.